कायद्याने मोजलेले ठोके : ‘ऑर्बिटल’ आणि नव्वदीचं इंग्लंड

आजच्या व्याख्यानाचा विषय पाहून काही जणांनी आम्हाला विचारलं, की इतिहासाच्या मालिकेत हे नाचाचं संगीत कुठून आलं? प्रश्न रास्त आहे. आपल्याकडे ‘रेव्ह पार्टी’ हा शब्द आला तोच मुळी पोलिसांच्या छाप्यांच्या बातम्यांतून. त्यामुळे या शब्दामागे एक संगीत आहे, त्या संगीतामागे माणसं आहेत आणि त्यांच्यावरून एका देशाच्या संसदेत कायदा झाला, हे सहसा आपल्या कानावर येत नाही. आज आपण तो कायदा आणि दोन भाऊ, असं एकत्रच पाहणार आहोत.

सुरुवात एका रस्त्यापासून करू. लंडनला वळसा घालणारा एम-२५ हा महामार्ग १९८६ साली पूर्ण झाला. लांबी सुमारे १८८ किलोमीटर. उद्घाटन मार्गारेट थॅचर यांनी केलं. रस्ता बांधला होता शहरातली वाहतूक बाहेरून वळवायला. पण दोन-तीन वर्षांत तरुण पोरांनी त्याचा वेगळाच उपयोग शोधून काढला. शनिवारी रात्री गाड्या काढायच्या, एका फोन नंबरवर पत्ता ऐकायचा आणि रस्त्यालगतच्या एखाद्या शेतात किंवा रिकाम्या गोदामात हजारोंनी जमून पहाटेपर्यंत नाचायचं. जागा शेवटच्या क्षणापर्यंत गुप्त. पोलिसांना कळेपर्यंत गर्दी एवढी झालेली असे, की ती हटवणं अवघड. इंग्रजीत वळसा घालणाऱ्या रस्त्याला ‘ऑर्बिटल’ म्हणतात. केंट परगण्यातल्या सेव्हनओक्स या गावच्या फिल आणि पॉल हार्टनॉल या भावांनी आपल्या जोडीला नाव दिलं ते यावरूनच.

त्यांचं पहिलं गाणं ‘चाइम’. गाणं म्हणायचं खरं, पण त्यात शब्द नाहीत. आईवडिलांच्या घरात जिन्याखालच्या कोनाड्यात पॉलने यंत्रं मांडली होती. तिथे हे वाजवलं आणि वडिलांच्या साध्या कॅसेट डेकवर उतरवून घेतलं. १९८९च्या अखेरीस एका छोट्या कंपनीने तबकडी काढली, मग मोठ्या कंपनीने ती उचलली आणि १९९०मध्ये ‘चाइम’ ब्रिटनच्या यादीत १७व्या क्रमांकावर गेलं. स्टुडिओ नाही, गायक नाही, वादक नाहीत. आम्हाला वाटतं, त्या काळाचा खरा बदल इथे आहे. ड्रम मशीन आणि सिंथेसायझर मध्यमवर्गीय घराच्या जिन्याखाली मावू लागले, तेव्हा संगीत कोण करणार हे ठरवण्याचा कंपन्यांचा हक्क ढिला झाला.

‘टॉप ऑफ द पॉप्स’ या बीबीसीच्या कार्यक्रमात दोघांना बोलावलं, तर हे पोल टॅक्सच्या विरोधातले टी-शर्ट घालून गेले. पोल टॅक्स म्हणजे दरडोई कर, श्रीमंताला आणि गरिबाला जवळपास सारखाच. त्याच मार्च महिन्याच्या ३१ तारखेला लंडनमध्ये या करावरून मोठी दंगल झाली. तेव्हा हे नुसते यंत्रांशी खेळणारे पोरगे नव्हते, हे लक्षात ठेवा.

आता कायद्याकडे येऊ. १९९०मध्येच विनापरवाना कार्यक्रमांसाठीचा दंड २०,००० पौंडांपर्यंत वाढवला गेला होता. पण १९९२च्या मे महिन्यात वूस्टरशर परगण्यातल्या कॅसलमॉर्टन इथल्या मोकळ्या माळावर हजारो लोक जमले आणि कित्येक दिवस हललेच नाहीत. संयोजक म्हणून काही जणांवर खटला चालला, तो टिकला नाही. सगळे निर्दोष सुटले. सरकारला मात्र हत्यार हवं होतं. ते मिळालं १९९४च्या फौजदारी न्याय आणि सार्वजनिक सुव्यवस्था कायद्यात. त्याच्या ६३व्या कलमात संगीताची व्याख्याच केली आहे. उघड्यावर, रात्री, शंभर किंवा जास्त माणसं आणि एकामागून एक येणारे, पुन्हा पुन्हा तेच असे ठोके! कायदे लिहिणाऱ्यांनी बसून ठेका कशाला म्हणायचं याचा विचार केला, हे वाचताना आजही गंमत वाटते. गंमत एवढ्यासाठीच, की आपल्यावर लाठी चाललेली नाही. ऑक्टोबर १९९४मध्ये हाइड पार्कजवळ निदर्शकांची पोलिसांशी चकमक झाली, तेव्हा कुणी हसत नव्हतं.

ऑर्बिटलचं उत्तर बघा कसं होतं. त्या वर्षीच्या ‘आर वी हिअर?’ या तबकडीवर त्यांनी या विधेयकाच्या नावाने एक आवृत्ती घातली. ती वाजवली की ऐकू येते सुमारे चार मिनिटांची शांतता. ठोकेच नाहीत, तर गुन्हा कसला?

पण आम्हाला विचाराल, तर त्यांचं सगळ्यात खोल गाणं वेगळंच आहे : ‘हॅल्सियन’. सरकारला चिंता होती नाचणाऱ्या पोरांच्या बेकायदा गोळ्यांची. हे गाणं आहे कायदेशीर गोळीचं. हार्टनॉल बंधूंची आई ट्रायाझोलाम या झोपेच्या औषधाच्या आहारी गेली होती, कित्येक वर्षं. हॅल्सियन हे त्याच औषधाचं बाजारातलं नाव. स्पेलिंगमध्ये एका अक्षराचा फरक. डॉक्टरने लिहून दिलेलं, दुकानातून आणलेलं. १९९१मध्ये ब्रिटनने त्यावर बंदी घातली आणि १९९२मध्ये हे गाणं आलं. त्यात राग नाही. कर्स्टी हॉकशॉ या गायिकेच्या आवाजाचे तुकडे उलटे फिरवलेत. शब्द लागत नाहीत, नुसती गुंगी लागते. ऐकणाऱ्याला ते गोड वाटतं, आणि दुखणं नेमकं तेच आहे.

जून १९९४मध्ये ग्लास्टनबरी महोत्सवात त्यांनी शनिवारी रात्री वाजवलं. अंधारात यंत्रांची बटणं दिसावीत म्हणून डोळ्यांवर बॅटरी लावलेले चष्मे. सोय म्हणून आले आणि ओळख होऊन बसले! पहिल्यांदाच तो महोत्सव चॅनल फोरने टीव्हीवर दाखवला, आणि गिटारशिवायही मोठं मैदान हलतं हे घरोघरी दिसलं. विधेयक तेव्हा संसदेतच होतं. यातली एक अडचण मात्र आपण टाळू नये. परवाना असलेल्या कार्यक्रमांना ६३वं कलम लागू नव्हतं. म्हणजे शेतातला फुकट नाच बंद झाला आणि तिकीट लावलेला वाढला. ज्या कायद्याला ऑर्बिटलने विरोध केला, त्याच कायद्यानंतरच्या तिकिटाच्या जगात त्यांची कारकीर्द फुलली. यात लबाडी नाही, पण हिशेब सरळही नाही.

पुढचं थोडक्यात. १९९६चा ‘इन साइड्स’ हा आमच्या मते त्यांचा उत्तम संग्रह. त्यातला एक तुकडा ग्रीनपीसच्या सौर विजेवर ध्वनिमुद्रित झाला. २००४मध्ये भाऊ वेगळे झाले, २००९मध्ये एकत्र आले, २०१४मध्ये पुन्हा वेगळे, २०१७मध्ये पुन्हा एकत्र. भावाभावांचं काय ते आपल्याला सांगायला नको. मधेच २०१२मध्ये लंडनच्या पॅरालिम्पिकच्या उद्घाटनात स्टीफन हॉकिंग यांच्या आवाजासोबत ते वाजले. म्हणजे राष्ट्राच्या अधिकृत सोहळ्यात! आणि ६३वं कलम? ते आजही आहे. उलट २००३मध्ये शंभराची अट वीसवर आणली गेली.

असो. आता दिवे थोडे कमी करू आणि ‘चाइम’ पूर्ण ऐकू. प्रश्न त्यानंतर घेऊ. आज आपण सभागृहात वीसपेक्षा जास्त आहोत, पण छप्पर आहे.