कोल्हापुरी कॅमेऱ्याची कुळकथा

स्वतंत्र चित्रपटकार कोणास म्हणावें? ज्याच्यावर धनकोचें दडपण नाहीं त्यास, असें उत्तर आपण सहज देतों. परंतु आपल्याकडील चित्रपटाचा आरंभकाळ पाहिला म्हणजे हें उत्तर अपुरें वाटूं लागतें.

१८९६ सालच्या जुलै महिन्यांत मुंबईच्या वॉटसन हॉटेलांत ल्यूमिएर बंधूंचीं हलतीं चित्रें दाखविण्यांत आलीं. पुढें हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनीं विलायतेहून कॅमेरा मागविला आणि १८९९ सालीं हँगिंग गार्डनमधील एक कुस्ती टिपली. १९०१ सालीं रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले, त्या प्रसंगाचेंही चित्र त्यांनीं घेतलें. नट नाहीं, कथा नाहीं. घडलें तें टिपावयाचें. आपल्या माहितीपटाचें मूळ हेंच. १९१२ सालीं फाळके यांनीं वाटाण्याच्या रोपाची वाढ एकेक चौकट घेऊन दाखविली. तो तर शुद्ध प्रयोगच. मौज अशी कीं, ‘राजा हरिश्चंद्र’साठीं धनकोचें मन वळलें तें या चिमुकल्या पटामुळें.

हे दोन्ही कॅमेरे विकतचे होते. कोल्हापुरची कथा येथें निराळी होते. आनंदराव व बाबूराव पेंटर हे नाटकांचे पडदे रंगविणारे कलावंत. आनंदराव १९१६ सालीं वारले. परंतु बाबूरावांनीं ध्यास सोडला नाहीं. दामले यांच्या साह्यानें त्यांनीं स्वतः कॅमेरा घडविला. फिल्म क्षणभर थांबावी, तेवढ्यांत झडप उघडून मिटावी, मग फिल्म पुढें सरकावी, आणि हें सेकंदास सुमारें सोळा वेळां बिनचूक घडावें, एवढें सारें त्यांत साधावें लागतें. पैसा मात्र तानीबाई कागलकर यांचा. म्हणजे ऋण होतेंच. परवशता नव्हती, कारण यंत्राचें मर्म हातीं होतें. ‘सैरंध्री’ १९२० सालीं झळकली. १९२५ च्या ‘सावकारी पाशां’त तर जमीन गमावून शहराची वाट धरणारा शेतकरी पडद्यावर आला, सावेदादांची ‘घडलें तें’ पाहणारी दृष्टि जणूं कथेंत उतरली.

त्या मूकपटाची प्रत आज उपलब्ध नाहीं. त्या काळची फिल्म नायट्रेटची. ती कुजे, आणि पेट घेई तर विझतां विझत नसे. १९३६ सालीं बाबूरावांनीं तीच कथा बोलपटांत पुन्हां सांगितली. पण पहिलें चित्र गेलें तें गेलेंच.

आज कोल्हापुरच्या कोणत्याही तरुणाच्या खिशांत कॅमेरा असतो, आणि लघुपट काढावयास कोणाची अनुज्ञा लागत नाहीं. चित्र निर्माण करण्याचें स्वातंत्र्य एकट्यास मिळवितां येतें, हें बाबूरावांनीं दाखविलें. तें राखण्याचें काम मात्र एकट्याचें नव्हे, समाजाचें आहे; आणि त्या कामांत आपण उणे पडलों, याची साक्ष ‘सावकारी पाशा’ची रिकामी जागा देत आहे.