करपलेला पाव काय सांगतो?

रोमचा इतिहास म्हटला की सम्राट, लढाया आणि भव्य इमारती आठवतात. पण तिथली साधी माणसं रोज काय खात होती? आणि ते बनवत कोण होतं? याचं उत्तर काही करपलेल्या पावांमध्ये सापडतं.

इ.स. ७९ मध्ये इटलीत व्हेसुव्हियस ज्वालामुखीचा उद्रेक झाला. पाँपेई आणि हर्क्युलेनियम ही गावं त्याखाली गाडली गेली. पुढे १८६२ मध्ये पाँपेईतल्या एका भट्टीत ८१ पाव सापडले. जळून त्यांचा कोळसा झाला होता, पण आकार शाबूत होता. पाव गोल, आणि वरून आठ भाग पाडलेले. म्हणजे हाताने तोडून वाटून घ्यायला सोपे.

पाँपेईत तीसहून अधिक बेकऱ्या होत्या. गरिबांच्या खोल्यांत भट्टी नसे, त्यामुळे बरेच लोक पाव विकतच घेत. धान्यही बेकरीतच दळलं जाई. तिथलं जातं आपल्या घरातल्या जात्यापेक्षा कितीतरी मोठं. खालचा दगड शंकूसारखा, त्यावर डमरूच्या आकाराचा पोकळ दगड. वरून धान्य ओतायचं आणि वरचा दगड गोल फिरवायचा, की खाली पीठ पडे.

हा जड दगड फिरवायचा कुणी? गाढवांनी, आणि गुलामांनी. पाँपेईतच २०२३ मध्ये एक बेकरी उजेडात आली. तिच्या खिडक्या लहान, उंचावर आणि लोखंडी गज लावलेल्या. बाहेरचं काही दिसायची सोय नाही. जात्याभोवतीच्या फरशीत जनावरांची पावलं ठरलेल्या जागीच पडावीत म्हणून खाचा कोरल्या होत्या. त्याच वाटेवर माणसंही गोल गोल फिरत असणार.

हर्क्युलेनियममध्ये सापडलेल्या एका पावावर शिक्का आहे. त्याचा अर्थ असा : ‘क्विंटस ग्रॅनियस व्हेरस याचा गुलाम केलेर याचा.’ पाव ओळखता यावा, एवढ्यासाठीच तो मारलेला. पण त्या शिक्क्यामुळे एका गुलामाचं नाव दोन हजार वर्षं टिकलं, तेही मालकाचं नाव लावून!

वर्गात रोमचा धडा घेताना मुलांना एक प्रश्न विचारून पाहा : सम्राटांची नावं आपल्याला पाठ आहेत, पण त्यांच्या राज्यात पीठ कोण दळत होतं?