गौण खनिज, जप्त वाहन आणि तडजोड : प्रस्तावना

भांडुपला खाणीचे गाव म्हणून कोणी ओळखत नाही. पश्चिमेला राष्ट्रीय उद्यानाचा डोंगर, पूर्वेला मिठागरे आणि ठाण्याची खाडी, मधून लालबहादूर शास्त्री मार्ग. पण या मार्गावरच्या जुन्या कारखान्यांच्या जागी आज टॉवर उभे राहत आहेत. त्यांच्या पायातून माती, मुरूम आणि काळा दगड निघतो. बांधकामाला लागणारी खडी आणि रेती बाहेरून येते. हा सगळा माल डंपरमधूनच ये-जा करतो. म्हणून खनिज कायद्याच्या अभ्यासाला खाणीच्या तोंडापेक्षा भांडुपच्या नाक्यावरून सुरुवात करणे मला अधिक योग्य वाटते.

रात्री एक डंपर अडवला जातो. चालकाकडे वाहतूक परवाना नाही. पंचनामा होतो, माल ब्रासच्या मापात मोजला जातो, गाडी जप्त होते. दुसऱ्या दिवशी मालक विचारतो, ‘दंड किती? भरला की सुटलो ना?’ या प्रश्नाचे नेमके उत्तर देता येणे म्हणजेच हा विषय समजणे.

इथे तीन हिशेब वेगवेगळे मांडावे लागतात : खनिजाचा, वाहनाचा आणि गुन्ह्याचा. एक चुकता केला म्हणून उरलेले दोन आपोआप मिटत नाहीत.

पहिला हिशेब खनिजाचा. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, 1966 च्या कलम 48(7) खाली, अधिकाराविना काढलेल्या किंवा हलवलेल्या खनिजासाठी बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड होतो. तो आदेश तहसीलदार देऊ शकतात. भांडुपसाठी ते कुर्ला तालुक्याचे. मात्र मुळात माल ‘गौण खनिज’ आहे का, हे आधी ठरले पाहिजे. पुण्याच्या बांधकाम व्यावसायिकांच्या संघटनेने नेलेल्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2014 मध्ये सांगितले, की पाया खणताना निघालेली साधी माती आपोआप गौण खनिज ठरत नाही. ती भरावासाठी किंवा सपाटीकरणासाठी वापरली का, हे पाहावे लागते. टॉवरांच्या भांडुपमध्ये हा निकाल रोजच्या कामाचा आहे.

दुसरा हिशेब वाहनाचा. कलम 48(8) प्रमाणे जप्त वाहन 48 तासांत जिल्हाधिकारी किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या, किमान उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्यापुढे हजर करायचे असते. विहित दंड आणि वैयक्तिक बंधपत्र घेऊन ते अधिकारी वाहन सोडू शकतात. हा दंड खनिजाच्या दंडाहून निराळा. वाहन पुन्हा अशा कामाला लावणार नाही, अशी हमी बंधपत्रात असते. पोलिसांत गुन्हा नोंदला गेला असेल, तर तेच वाहन मुद्देमाल होते आणि प्रश्न न्यायालयापुढे जातो. पोलीस ठाण्याच्या आवारात गंजत पडलेल्या गाड्यांबद्दल सर्वोच्च न्यायालयाने 2002 मध्येच, सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात, बंधपत्र व हमी घेऊन मुद्देमाल लवकर सोडावा असे म्हटले होते.

तिसरा हिशेब गुन्ह्याचा. खाण आणि खनिजे अधिनियम, 1957 च्या कलम 23-अ मध्ये तडजोडीची तरतूद आहे. प्राधिकृत अधिकारी रक्कम ठरवून गुन्हा आपसात मिटवू शकतो आणि मग त्या कायद्याखालची कारवाई थांबते. ‘त्या कायद्याखालची’ हे शब्द अभ्यासकाने अधोरेखित करावेत. जयंत विरुद्ध मध्य प्रदेश या 2020 च्या निकालाप्रमाणे, तडजोड झाली तरी चोरीचा स्वतंत्र खटला चालू शकतो. सरकारच्या मालकीचे खनिज विनापरवाना उचलणे ही चोरीही ठरू शकते, आणि ती महसुली दंडाने पुसली जात नाही.

हा विषय तांत्रिक वाटतो, पण त्यामागे माणसे आहेत. कर्जावर एकच डंपर घेतलेल्या मालकाची गाडी महिनोन्महिने उभी राहिली, तर घरचा हप्ता थकतो. उलट दंड नुसता धंद्याचा खर्च ठरला, तर डोंगर पोखरला जातो आणि खाडीत भराव पडतो. वाहन वेळेत आणि कायद्याने सुटणे जितके न्याय्य, तितकेच गुन्ह्याचा निकाल मोजून-मापून लागणेही. सौम्यपणा आणि कडकपणा यांतला हा तोल अधिकाऱ्याच्या मर्जीवर नव्हे, पंचनाम्याच्या अचूकतेवर आणि कारणांसह दिलेल्या आदेशावर टिकला पाहिजे.

या क्षेत्रात नव्याने येणाऱ्या विद्यार्थ्याला, वकिलाला आणि महसूल खात्यातल्या तरुणाला माझी एवढीच विनंती आहे : निकालांचे संग्रह वाचण्याआधी एखादी जप्तीची फाइल पंचनाम्यापासून बंधपत्रापर्यंत संपूर्ण वाचा. प्रत्येक कागदापाशी थांबून विचारा, हा हिशेब खनिजाचा, वाहनाचा की गुन्ह्याचा? पुढचा अभ्यास त्या प्रश्नाच्या उत्तरातूनच सुरू होतो.