गंज, मंडी आणि फुलबाजार : हैदराबादच्या पेठांतील आपला इतिहास



ज्या गुरुवर्यांच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला आपण चालविता, त्यांच्या पिढीच्या शिक्षकांनी या भागात मराठीची पाटी टिकविली. त्या काळी राज्यकारभाराची आणि वरिष्ठ शिक्षणाची भाषा उर्दू होती. अशा व्यासपीठावर बोलण्यास बोलाविलेत, हा मी माझा बहुमान समजतो.

इतिहासाचे व्याख्यान म्हटले की श्रोत्यांच्या मनात किल्ला, दरबार आणि लढाई उभी राहते. बिदरचा किल्ला आणि गुलबर्ग्याची जुम्मा मशीद यांवर जाणकारांनी विपुल लिहिले आहे. मी आज आपणांस वेगळ्या ठिकाणी नेणार आहे. हैदराबाद शहराच्या धान्याच्या, भाजीच्या आणि फुलांच्या बाजारांतून आपण एक फेरी मारू. बिदर आणि गुलबर्गा, म्हणजे २०१४ पासूनचे कलबुरगी, हे दोन्ही जिल्हे १ नोव्हेंबर १९५६ पर्यंत हैदराबाद राज्यात होते आणि आमच्या वडीलधाऱ्यांच्या बोलण्यात ‘शहराला जाणे’ याचा अर्थ हैदराबादला जाणे असाच होता. माझे प्रतिपादन थोडक्यात असे : आपल्या सीमाभागाचा खरा नकाशा बाजाराच्या वाटांनी काढलेला आहे, आणि त्या वाटांवर चार भाषांनी एकत्र नांदण्याची जी रीत पडली, ती आपली मोलाची कमाई आहे.

बिदर आणि आळंद

शहराकडे निघण्यापूर्वी थोडे घरी थांबू. कारण एके काळी मोठी पेठ आपल्याच दारात होती. पंधराव्या शतकात बहामनी राज्याची राजधानी गुलबर्ग्याहून बिदरला आली. त्याच शतकाच्या उत्तरार्धात अफानासी निकितीन हा रशियन व्यापारी चौल आणि जुन्नर या मार्गाने बिदरला पोचला. विकण्यासाठी बरोबर आणलेला घोडा त्याने अखेर बिदरमध्येच विकला. बिदरच्या बाजारात घोडे, वस्त्रे आणि रेशीम यांचा व्यापार चालतो, असे त्याने लिहून ठेवले. आणि खाण्याच्या जिनसा म्हणाल तर सगळी फळे-भाजीच, असाही शेरा मारला. रशियात नेऊन विकण्याजोगे फारसे काही न मिळाल्याची खंतही त्याच्या लेखनात आहे. बिदरहून बारा कोसांवर शेख अलाउद्दीनच्या नावाने वर्षातून एकदा दहा दिवसांचा बाजार भरतो आणि तेथे वीस हजारांपर्यंत घोडे विक्रीस येतात, असेही तो सांगतो. हा बाजार म्हणजे आपल्या आळंदचा. आज तालुक्याचे गाव म्हणून ओळखले जाणारे आळंद तेव्हा साऱ्या हिंदुस्थानच्या व्यापाऱ्यांना ठाऊक होते.

त्याच निकितीनने बिदरच्या विक्रीच्या मालात काळ्या माणसांचाही उल्लेख केला आहे. पेठेचे वैभव वर्णिताना ही ओळ गाळणे इतिहासाला शोभणारे नाही. जेथे धान्य तोलले जात होते, तेथेच माणसांचीही किंमत ठरत होती.

या काळातील आणखी दोन गोष्टींचे स्मरण शाळेच्या व्यासपीठावर अवश्य करावे. पहिली महमूद गावानची. गिलानचा हा गृहस्थ व्यापाराच्या निमित्ताने दाभोळला उतरला, १४५३ च्या सुमारास बिदरला आला, राज्याचा वजीर झाला आणि ‘मलिक-उत्-तुज्जार’ म्हणजे व्यापाऱ्यांचा प्रमुख, ही पदवी पावला. १४७२ मध्ये त्याने बिदरला जो मदरसा उभारला, त्याचे अवशेष आपण सर्वांनी पाहिले आहेत. व्यापारात मुरलेल्या माणसाने आपली स्मृती विद्यालयाच्या रूपाने मागे ठेवली, हे ध्यानात घेण्याजोगे आहे. दुसरी गोष्ट दामाजीपंतांची. मंगळवेढ्याच्या या अधिकाऱ्याने दुष्काळात बिदरच्या बादशहाची धान्याची कोठारे भुकेल्यांना खुली केली आणि प्रत्यक्ष विठ्ठलाने विठू महाराच्या रूपाने बिदरला येऊन त्या धान्याची रक्कम भरली, अशी संतकथा आहे. कथेतील चमत्कार श्रद्धेचा विषय. परंतु तिच्यातला प्रश्न इतिहासाचा आहे. कोठारात धान्य असताना दाराशी माणूस उपाशी असेल तर त्या धान्यावर हक्क कोणाचा? हा प्रश्न मनात ठेवूनच आपण शहराच्या गंजात शिरू.

शहराची वाट

१५९१ मध्ये मुहम्मद कुली कुतुबशहाने हैदराबाद वसविले आणि कालांतराने दख्खनच्या मोठ्या बाजाराचा मान त्या शहराकडे गेला. आपल्या भागातून तिकडे जाणारे धान्य प्रथम लमाणांच्या बैलांच्या पाठीवरून आणि पुढे गाड्यांमधून गेले. हुमनाबाद, जहीराबाद, सदाशिवपेठ, संगारेड्डी ही त्या वाटेवरची नावे आज पुणे–हैदराबाद महामार्गावरच्या पाट्यांवर दिसतात.

१८७४ मध्ये वाडी ते सिकंदराबाद हा लोहमार्ग सुरू झाला. वाडी हे गुलबर्गा जिल्ह्यातले जंक्शन; तेव्हा गुलबर्ग्याच्या तुरीला आणि ज्वारीला एकीकडे मुंबई व दुसरीकडे हैदराबाद अशी दोन दारे उघडली. बिदरला रेल्वे आली ती १९३० च्या सुमारास, विकाराबादहून. येथे एक गोष्ट ध्यानी घ्यावी. या दोन्ही जिल्ह्यांची ठिकाणे हैदराबादशी इतक्या पूर्वी जोडली गेली, पण बिदर आणि कलबुरगी ही शेजारगावे एकमेकांशी थेट रेल्वेने जोडली जाण्यास २०१७ साल उजाडावे लागले. शहराची ओढ किती बलवान होती, हे सांगण्यास याहून वेगळा पुरावा नको.

बेगम बाजार आणि गंज

आता शहरात शिरू. मुसी नदीवरचा पुराना पूल १५७८ चा, म्हणजे शहराहूनही वडील. नदीच्या उत्तरेस बेगम बाजार आहे. दुसरा निजाम, निजाम अली खान याच्या पत्नी हुमदा बेगम यांनी व्यापाऱ्यांना जागा दिली, म्हणून हे नाव. किराणा, मसाले, सुका मेवा आणि भांडी यांची ही घाऊक पेठ. तिच्या आसपास अफजलगंज, उस्मानगंज, महाराजगंज अशी नावे भेटतात. ‘गंज’ हा फारसी शब्द, मूळ अर्थ खजिना. धान्याच्या बाजाराला खजिना म्हणणारी भाषा शहाणी म्हणावयास हवी. हाच शब्द आपल्याकडेही आला. बिदरला गांधी गंज आहे, कलबुरगीला नेहरू गंज आहे. राज्य बदलले, नावाचा पूर्वार्ध बदलला, गंज मात्र राहिला. ‘मंडी’ आणि आपली ‘मंडई’ या दोन्ही संस्कृत मंडपिकेच्या लेकी. ‘पेठ’ तर मराठीत पेठ, कन्नडात पेटे, तेलुगूत पेट. बाजाराच्या शब्दांना जकात नाका अडवीत नाही.

२८ सप्टेंबर १९०८ रोजी मुसीला आलेल्या महापुराने नदीकाठच्या या वस्त्यांची धूळधाण केली. हजारो माणसे मेली. त्यानंतर मोक्षगुंडम विश्वेश्वरय्या यांच्या योजनेनुसार उस्मानसागर आणि हिमायतसागर हे तलाव बांधले गेले, आणि १९१२ मध्ये शहरसुधारणेसाठी मंडळ स्थापन झाले. आजच्या हैदराबादच्या अनेक पेठांची मांडणी त्या प्रलयानंतरची आहे.

गंजातला आपला शेतकरी मात्र सुखी होता असे समजू नये. अडत, तोलाई, हमाली, धर्मादाय, कडता अशा नाना नावांनी त्याच्या पट्टीतून पैसे कापले जात. भाव ठरायचा तो अडत्याच्या आणि खरीददाराच्या हातरुमालाखाली, बोटांच्या खुणांनी. ज्याचा माल, त्यालाच तो कळत नसे. त्यातच हिशेब दोन नाण्यांचा. संस्थानाचा हाली शिक्का आणि इंग्रजी अमलातला कलदार यांचा दर सात हालीला सहा कलदार असा होता. सोलापूरच्या आणि हैदराबादच्या भावाची तुलना करताना निरक्षर माणसाने काय करावे? १३३९ फसलीत, म्हणजे १९३० च्या सुमारास, हैदराबाद संस्थानाने शेतमालाच्या बाजारांचा कायदा केला आणि वजन, कपात व व्यवहार यांवर नियंत्रण आणण्याचा आरंभ केला. कायद्याने सारी लूट थांबली असे नाही. पण तोलाचा काटा ही राज्याची जबाबदारी आहे, हे प्रथमच लेखी मान्य झाले. दामाजीपंतांच्या कथेने विचारलेल्या प्रश्नाला शासनाने दिलेले ते अपुरे का होईना, पण उत्तर होते. शाळेत गणित शिकलेला मुलगा बापाबरोबर गंजात उभा राहू लागला, तेव्हा काट्याकडे पाहणारे दोन डोळे वाढले. आपल्या शाळांनी गावाला काय दिले, याचे एक उत्तर येथे मिळते.

मंडी आणि फळबाजार

नदी ओलांडून जुन्या शहरात गेलो की मीर आलम मंडी लागते. मीर आलम हे निजामाचे दिवाण. १८०८ मध्ये ते वारले, पण भाजीच्या बाजारात त्यांचे नाव रोज उच्चारले जाते. परत उत्तरेकडे आल्यावर मोअज्जम जाही मार्केटची दगडी इमारत दिसते. सातव्या निजामाने १९३५ मध्ये ती बांधविली आणि आपल्या धाकट्या पुत्राचे नाव तिला दिले. घुमटाखाली घड्याळाचा मनोरा आणि दोन्ही बाजूंना कमानींच्या ओळी. हैदराबादच्या परिसरात पिकणारी अनाब-ए-शाही द्राक्षे येथेच मांडली जात. फळांचा घाऊक व्यापार १९८० च्या दशकात शहराच्या पूर्वेस गड्डीअन्नारमला गेला आणि २०२१ मध्ये तेथूनही बाटसिंगारमला हलला. जुन्या इमारतीची डागडुजी होऊन २०२० मध्ये ती पुन्हा सजली. आता तेथे संध्याकाळी लोक आइस्क्रीम खाण्यास जमतात. इमारत वाचली याचा आनंद आहे. तरी जेथून फळांच्या टोपल्या गेल्या, त्या वास्तूला बाजार म्हणताना जीभ किंचित अडखळते.

जांबागेतील फुले

मोअज्जम जाही मार्केटच्या शेजारचा जांबाग हा फुलांचा बाजार. आपल्यापैकी ज्यांनी हैदराबादला शिक्षण घेतले, त्यांना ही जागा सांगावयास नको. कारण विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात स्थापन झालेल्या विवेक वर्धिनीचे महाविद्यालय तेथेच आहे. संस्थानातील मराठी शिक्षणाच्या या आधारस्तंभाशी केशवराव कोरटकर आणि वामन नाईक यांची नावे निगडित आहेत. मराठीचे वर्ग आणि फुलांचे ढीग यांचा असा शेजार दुसऱ्या कोणत्या शहरात असेल असे वाटत नाही.

विद्यार्थिदशेत त्या बाजारात उभा राहून मी जे भाषाशास्त्र शिकलो, ते पुढे ग्रंथांनी पक्के केले. आपण शेवंती म्हणावे, कन्नड माणसाने सेवंतिगे, तेलुगू बाईने चामंती. आपला झेंडू कन्नडात चेंडु-हू, तेलुगूत बंती, दखनीत गेंदा. आपली अबोली दोन्ही शेजाऱ्यांकडे कनकांबर होते. आम्ही फुलाचे न बोलणे पाहिले, त्यांनी त्याचे वस्त्र पाहिले. हार देवळाला जातो, सेहरा नवरदेवाला आणि फुलांची चादर दर्ग्याला. माळ्याच्या दुकानात तिन्ही एकाच दोऱ्याने ओवली जातात. बतुकम्माच्या दिवसांत तेलंगणातील स्त्रिया तंगेडू आणि गुनुगू यांची फुले थरांनी रचतात. तंगेडू म्हणजे आपल्या माळावरचा तरवड आणि गुनुगू म्हणजे कुरडू. बांधावर जे आपण तुडवून जातो, ते शेजारघरी देवीचे रूप घेते.

२००९ च्या सुमारास फुलांचा घाऊक बाजार जांबागेतून गुडीमलकापूरला गेला. जागा अपुरी होती, वाहनांची कोंडी होत होती. निर्णय गैर म्हणता येणार नाही. परंतु बाजार हलतो तेव्हा दुकानांबरोबर ओळखीही हलतात आणि शब्दांचे शेजारपण मोडते.

सीमारेषेनंतर

१९५६ च्या पुनर्रचनेत बिदर जिल्ह्याचेच तुकडे झाले. उदगीर, अहमदपूर, निलंगा हे तालुके मराठवाड्याबरोबर मुंबई राज्यात गेले. जहीराबाद, नारायणखेड हे आंध्राकडे गेले. भालकी, हुमनाबाद, औराद, बसवकल्याण आणि बिदर म्हैसूर राज्यात राहिले. या वाटणीची वेदना या सभागृहातील अनेक घरांना ठाऊक आहे आणि ती खोटी नाही. तिच्याबरोबर दुसरेही सत्य सांगितले पाहिजे. भालकीचा शेतकरी घरी मराठी बोलला, कचेरीत कन्नड, अडत्याशी दखनी आणि हैदराबादच्या हमालाशी मोडकी तेलुगू. यात त्याची मराठी उणी झाली नाही. तूर आपली, कन्नडात ती तोगरी, तेलुगूत कंदी. २०१९ मध्ये गुलबर्ग्याच्या तूरडाळीला भौगोलिक मानांकन मिळाले, तेव्हा ते कोणा एका भाषेला मिळाले नाही. ते या काळ्या मातीला मिळाले.

म्हणून या शाळेला माझी एक विनंती आहे. अडत, कडता, पट्टी, हातरुमालाच्या खुणा, जुनी मापे, फुलांची आणि धान्यांची चार भाषांतील नावे हे सारे आज सत्तरी-ऐंशीच्या घरातील माणसांच्या जिभेवर आहे. गंजात आता संगणकावर बोली लागते. ते शब्द नव्या पिढीच्या कानी पडणार नाहीत. विद्यार्थ्यांनी सुटीत आपल्या आजोबा-आजींकडून, जुन्या मुनिमांकडून, हमालांकडून आणि फुले ओवणाऱ्या बायकांकडून ते टिपून घ्यावेत. नाव, अर्थ, कोणी सांगितले, कोणत्या गावी ऐकले, एवढे चार रकाने पुरेत. मुलांनी ते काम शाळेच्या वहीत केले, तर पुढच्या अभ्यासकाला या भागाचा इतिहास लिहिताना केवळ दरबारी कागदांवर विसंबावे लागणार नाही.

ज्या गुरुजींनी या गावातल्या मुलांना काट्यावरचे आकडे वाचावयास शिकविले, त्यांच्या स्मृतीस ती वही हेच योग्य अर्घ्य ठरेल.