एकटेपणाची रचना : ‘डॅफोडिल्स’च्या चोवीस ओळींवर भाष्य

रोमँटिसिझम म्हणजे भावनेचा उद्रेक, निसर्गाची ओढ आणि व्यवहाराकडे पाठ, हा पूर्वपक्ष. त्याची परीक्षा त्याच्याच लाडक्या उदाहरणावर घेऊ. विल्यम वर्ड्सवर्थची ‘डॅफोडिल्स’ ही कविता १८०७ मध्ये तीन कडव्यांची छापली गेली. १८१५ मध्ये दुसरे कडवे वाढवून आणि काही शब्द बदलून कवीने ती पुन्हा छापली. भाष्य या दुसऱ्या पाठावर आहे.

ओळी १–२. कवी स्वतःला दऱ्याडोंगरांवरून तरंगणाऱ्या ढगाची उपमा देतो, साधर्म्य एकटेपणाचे. वस्तुस्थिती निराळी आहे. १५ एप्रिल १८०२ रोजी अल्सवॉटर सरोवराच्या काठी ही फुले दिसली तेव्हा बहीण डॉरोथी बरोबर होती, आणि त्या दिवसाची तपशीलवार नोंद तिच्याच रोजनिशीत आहे. मग कवी खोटे बोलतो काय? तसे नव्हे. इथला ‘मी’ चरित्रातला विल्यम नाही. पाहण्यासाठी उभा केलेला द्रष्टा आहे. सगळे जग एकाच मनातून दाखवायचे, तर दुसऱ्या माणसाला चौकटीबाहेर ठेवावे लागते. एकटेपण ही या कवितेतील पहिली कलात्मक निवड होय.

ओळी ३–६. अवचित फुले दिसतात. त्यांच्यासाठी योजलेली समूहवाचक नामे माणसांच्या जमावाची आहेत, त्यामुळे ढगाचा अलिप्तपणा तिथल्या तिथे संपतो. पहिल्या पाठात चौथ्या ओळीतली फुले नाचणारी होती, १८१५ मध्ये ती सोनेरी झाली. या बदलामुळे नृत्याचा उल्लेख प्रत्येक कडव्यात नेमका एकदाच उरला. हा उद्रेकाचा नव्हे, हिशेबाचा पुरावा आहे. डॉरोथीच्या नोंदीत वारा पिसाटलेला आहे आणि काही फुले थकून दगडांवर डोके टेकून पडली आहेत. कवितेत वाऱ्याची झुळूक झाली आणि थकलेले फूल एकही राहिले नाही.

ओळी ७–१२. हे मागाहून घातलेले कडवे. फुले आकाशगंगेतल्या ताऱ्यांसारखी अखंड पसरली आहेत, त्यांच्या रांगेला अंत नाही, आणि एका दृष्टिक्षेपात दहा हजार दिसतात. डॉरोथीने त्या पट्ट्याची रुंदी साध्या गाडीरस्त्याएवढी सांगितली आहे. ती पाहिलेले मोजते, तो पाहण्याचा आवेग मोजतो. एका नजरेत कोणी दहा हजार मोजत नाही, म्हणून हा आकडा फुलांपेक्षा नजरेविषयी अधिक सांगतो. प्रत्यक्ष दर्शनानंतर तेरा वर्षांनी छापलेल्या कडव्यात ती व्याप्ती वाढावी, हेही अर्थपूर्ण आहे.

ओळी १३–१६. सरोवराच्या लाटा आनंदात फुलांच्या मागे पडतात. अशा संगतीत कवीला आनंद होणारच, असे विधान येते, पण ते प्रथमपुरुषी नाही. क्षणभर ‘मी’ बाजूला होतो आणि ‘कवी’ नावाची एक भूमिका पुढे येते.

ओळी १७–१८. कवितेचा सांधा इथे आहे. तो नुसता पाहत राहिला. त्या दृश्याने कोणते धन दिले, याचा विचार तेव्हा मनाला शिवला नाही. म्हणजे त्या क्षणी अनुभव अपुरा होता. पूर्वपक्ष इथे ढासळतो. ‘लिरिकल बॅलड्स’ या काव्यसंग्रहाच्या वर्ड्सवर्थनेच लिहिलेल्या १८०० सालच्या प्रस्तावनेतून कविता म्हणजे प्रबळ भावनांचे उत्स्फूर्त उसळणे, एवढाच भाग सहसा सांगितला जातो. शांतपणे आठवलेल्या भावनेतून कविता उगम पावते, हे त्याच प्रस्तावनेतले पुढचे म्हणणे मागे राहते. या दोन ओळी त्या उरलेल्या भागाच्या आहेत.

ओळी १९–२२. क्रियापदे भूतकाळातून वर्तमानात येतात. स्थळ सरोवरकाठ सोडून घरातला कोच होते. रिकाम्या किंवा विचारमग्न मनाच्या आतल्या डोळ्यापुढे फुले चमकून जातात, आणि हा डोळा हेच एकांताचे सुख ठरते. पहिल्या ओळीतले एकटेपण नुसते भटकत होते, इथे ते सफल झाले. यातल्या २१–२२ या ओळी पत्नी मेरीच्या, आणि त्याच कवितेतल्या सर्वोत्तम, असे वर्ड्सवर्थनेच सांगून ठेवले आहे. पाहताना बहीण सोबत, एकांताचे सूत्र पत्नीचे! एकटेपण असे रचण्याचा व्यवहार चित्रकलेतही दिसतो. कास्पर डेव्हिड फ्रीड्रिखच्या सुमारे १८१८ मधल्या चित्रात धुक्याच्या सागरासमोर पाठमोरा एकटा माणूस उभा आहे. त्याच्यापुढचा निसर्ग एल्ब नदीकाठच्या डोंगरांत निरनिराळ्या जागी केलेल्या रेखाटनांतून चित्रशाळेत जुळवलेला आहे.

ओळी २३–२४. हृदय आनंदाने भरते आणि फुलांसंगे नाचू लागते. वर्ड्सवर्थचा कविमित्र कोलरिज याने ‘बायोग्राफिया लिटरारिया’ या ग्रंथात (१८१७) यावर आक्षेप घेतला. आतला डोळा आणि एकांताचे सुख हे शब्द सदाचाराने जगलेल्या आयुष्याच्या स्मृतीला शोभतील. तिथून डॅफोडिल्सवर उतरणे म्हणजे घसरण. आक्षेप मार्मिक आहे, पण त्यात एक जुनी उतरंड गृहीत धरली आहे : विषय थोर असेल तर शब्द थोर. वर्ड्सवर्थला तीच मान्य नव्हती. त्याच्या मते विषयाला मोल येते ते मनाच्या त्यावरील व्यापारामुळे.

सिद्धान्त असा. कवी बायरनचे बंड किंवा चित्रकार देलाक्रुआचा रंगावेग या एका कवितेत मावणार नाही. तरीही त्या साऱ्यांच्या मुळाशी असलेली श्रद्धा इथे स्पष्ट दिसते : मन जगाची नुसती नोंद घेत नाही, ते जग पुन्हा घडवते. घडवणे आले की निवड, काटछाट आणि परिश्रम आलेच. रोमँटिक कलावंताला बेशिस्त म्हणणाऱ्यांनी, आणि त्याच कारणासाठी त्याच्या प्रेमात पडणाऱ्यांनीही, १८०७ आणि १८१५ चे पाठ शेजारी ठेवून वाचावेत.