गोवा भारताचा, मग त्यात अमेरिका आणि रशिया कुठून आले?

१८ डिसेंबर १९६१. भारतीय सैन्य गोव्यात शिरून एक दिवसही झाला नव्हता. तिकडे न्यूयॉर्कमध्ये संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेत ठराव आला: युद्ध थांबवा, भारताने सैन्य मागे घ्यावं. मांडणारे होते अमेरिका, ब्रिटन, फ्रान्स आणि तुर्कस्तान. बाजूने ७ मतं, विरोधात ४. रशियाने व्हेटो वापरला आणि ठराव बारगळला.

गोवा मुक्तिसंग्राम म्हटलं की आपल्याला सेनापती बापट, नानासाहेब गोरे, पुण्याहून निघालेल्या सत्याग्रहींच्या तुकड्या आठवतात. मग एवढासा प्रदेश शीतयुद्धात ओढला कसा गेला?

त्याचं उत्तर पोर्तुगालमध्ये आहे. देश छोटा, गरीब आणि हुकूमशहा सालाझारच्या मुठीत. पण अटलांटिकमधली अझोर्स बेटं त्याच्याकडे होती आणि तिथला लष्करी तळ अमेरिकेला हवा होता. १९४९ मध्ये नाटो स्थापन झाली तेव्हापासून पोर्तुगाल तिचा सदस्य होता.

सालाझारने दुसरा डाव खेळला तो ओळखीचा. १९५१ मध्ये राज्यघटना बदलून त्याने वसाहतींना 'सागरपार प्रांत' असं नाव दिलं. म्हणजे गोवा ही वसाहत नाहीच, तो पोर्तुगालचाच तुकडा आणि तिथले लोक पोर्तुगीज! नाव बदललं, राज्य तेच राहिलं.

१५ ऑगस्ट १९५५ ला गोव्यात शिरणाऱ्या निःशस्त्र सत्याग्रहींवर पोर्तुगीजांनी गोळ्या झाडल्या, वीसहून अधिक जण मारले गेले. त्याच वर्षाअखेर रशियाचे बुल्गानिन आणि ख्रुश्चेव्ह भारतात आले आणि त्यांनी गोव्यातल्या पोर्तुगीज राजवटीवर उघड टीका केली. लगेच, २ डिसेंबरला अमेरिकेचे परराष्ट्रमंत्री डलेस यांनी पोर्तुगालच्या परराष्ट्रमंत्र्यांसोबत संयुक्त निवेदन काढलं. त्यात शब्द होता 'पोर्तुगीज प्रांत'. छोट्या देशाने महासत्तेकडून आपलाच शब्द वदवून घेतला होता. भारतात याचा प्रचंड संताप झाला.

पण हा दावा गोव्यातच टिकत नव्हता. तिथे बहुसंख्य लोक हिंदू होते. शिवाय पोर्तुगीज राजवटीविरुद्ध सर्वांत आधी लिहिणाऱ्यांमध्ये त्रिस्तांव ब्रागांझा कुन्हा हे कॅथलिक गोवेकर होते. पोर्तुगीजांनी गोवेकरांची स्वतःची ओळख कशी पुसली, यावर त्यांनी १९४४ मध्ये पुस्तिका लिहिली. त्यांना अटक करून थेट पोर्तुगालच्या तुरुंगात पाठवण्यात आलं. १९४६ मध्ये राममनोहर लोहियांना गोव्यात बोलावणारे डॉ. ज्युलियांव मिनेझिस हेही कॅथलिकच. आणि १९५५ मध्ये पोपची भेट घेतल्यावर नेहरूंनी सांगितलं की हा प्रश्न धर्माचा नाही, हे पोपनाही मान्य आहे. गोव्यावरचा हल्ला म्हणजे ख्रिस्ती धर्मावरचा हल्ला, असं चित्र रंगवणं त्यानंतर अवघड झालं.

मग जगच बदललं. १९६० या एका वर्षात १७ नवे देश संयुक्त राष्ट्रांत आले, त्यातले बहुतेक आफ्रिकेतले. १४ डिसेंबर १९६० ला वसाहतवाद संपवण्याचा जाहीरनामा ८९ विरुद्ध शून्य मतांनी मंजूर झाला, अमेरिका तटस्थ राहिली. दुसऱ्याच दिवशीच्या ठरावात पोर्तुगालच्या ताब्यातल्या प्रदेशांची यादी होती आणि तिच्यात गोवा होता. 'प्रांत' हा शब्द तिथे चालला नाही. पुढच्या वर्षी अंगोलात उठाव झाला. ऑक्टोबर १९६१ मध्ये दिल्लीतल्या परिषदेत आफ्रिकी नेत्यांनी भारताकडे आग्रह धरला: गोव्यापासून सुरुवात करा.

म्हणून सुरक्षा परिषदेतली ती ४ मतं नीट पाहायला हवीत. रशियासोबत सिलोन, लायबेरिया आणि संयुक्त अरब प्रजासत्ताक, म्हणजे इजिप्त होते. लायबेरिया तर अमेरिकेचा जुना मित्र. रशिया एकटाच असता तर हा कम्युनिस्टांचा डाव म्हणून सांगता आला असता. या तिघांनी तर पोर्तुगालची तक्रारच फेटाळा, असा स्वतःचा ठराव आणला. तो ४ विरुद्ध ७ असा पडला, पण गोवा हा वसाहतीचा प्रश्न आहे, हे नोंदवलं गेलं.

आणि नाटो? तिच्या करारात मुख्यतः युरोप, उत्तर अमेरिका आणि उत्तर अटलांटिक हा टापू होता. गोवा त्यात बसत नव्हता. एकही मित्रदेश सैन्य घेऊन आला नाही.

शेवटपर्यंत लढा, हा सालाझारचा आदेश बाजूला ठेवून गव्हर्नर जनरल वासालो ई सिल्वा यांनी १९ डिसेंबरला शरणागती पत्करली. गोवा भारताचा आहे, हे पोर्तुगालने मात्र ३१ डिसेंबर १९७४ ला करार करून मान्य केलं. त्याआधी, एप्रिलमध्ये, लिस्बनमधली हुकूमशाही त्यांच्याच लष्कराने उलथवली होती.