विठाबाई

परवा भीमाशंकरहून परतताना नारायणगावात चहाला थांबलो. जत्रांच्या सुपाऱ्या घ्यायला तमाशाच्या राहुट्या लागतात, तेच हे गाव. विठाबाई इथल्या. आजोबा नारायण खुडे यांचा फड, वडील भाऊ आणि काका बापू गाजलेले, म्हणजे गाणं घरातच.

दिवस भरलेले असताना त्या नाचल्या, कनातीमागे बाळंत झाल्या आणि पुन्हा बोर्डावर उभ्या राहिल्या, असं आमच्याकडे कौतुकाने सांगतात. मला तर बुवा धसकाच वाटतो. त्या रात्री थांबायची सोय त्यांना का नव्हती?

१९५७ आणि १९९० साली राष्ट्रपतींकडून सन्मान झाला. शेवटची वर्षं मात्र हलाखीत गेली. २००२ मध्ये त्या गेल्या. त्यांच्या नावाचा सरकारी जीवनगौरव पुरस्कार नंतर आला. मुलगी मंगला बनसोडे यांनीही स्वतःचा फड काढला.